सेनापतीला पडायला लागणारा वेळ

महाकाव्यातला सेनापती घोड्यावरून पडतो, तिथेच आमचा सिनेमा अडला. दिग्दर्शक माझा सख्खा भाऊ आणि एडिटिंगची कापाकापी माझ्याकडे. दादाचं एकच पालुपद, "काव्यात तो कितीतरी वेळ पडत असतो. इथे धप्पकन आपटतो." वेग कमी केला, तर सेनापती स्विमिंग पूलमध्ये उतरल्यासारखा दिसायला लागला.

"पडता पडता त्याला घराचं अंगण दिसतं, पहिलं शिंगरू दिसतं. ते कुठंय?" दादा म्हणाला.

मलाही ते लख्ख आठवत होतं. लहानपणी बाबा रोज झोपण्यापूर्वी आम्हाला ते काव्य चालीत म्हणून दाखवायचे. शेवटी वैतागून मी मूळ पुस्तक उघडलं. त्यात एकच ओळ होती, सेनापती पडला. अंगण नाही की शिंगरू नाही.

दादाने बाबांना फोन लावला. "बाबा, पुस्तकात तर तो एका ओळीत पडतो. मग तुम्ही एवढं काय काय सांगायचात?"



"तो पडला की तुम्ही झोपायला जायचात," बाबा म्हणाले. "मी दिवसभर बाहेर असायचो. मग त्याला लगेच पाडू कसा?"