एक ठोका मोकळा, एक मुका

मित्रांनो, मी एक जुनी घंटा आहे. आगीच्या बंबांच्या ठाण्यावर दगडी मनोरा आहे, त्याच्या माथ्यावर मी टांगलेली असते. मान वर केल्याशिवाय मी दिसत नाही, आणि हल्ली मान वर करायला सवड कुणाला आहे? असो. वर्षातून एकच दिवस मला बोलायला मिळतो. त्या एका तारखेपायी मी भट्टीत जाता जाता वाचले, तेवढेच तुम्हाला सांगते.

माझा जन्मही भट्टीतलाच. ओतारी तांबे आणि कथील वितळवून साच्यात ओतत होता आणि त्याची बायको शेजारी उभी राहून बजावत होती, "हळू ओता. घाई केलीत तर जन्मभर चिरकेल ती." त्याने त्या दिवशी तिचे ऐकले, म्हणून माझा आवाज असा खणखणीत. दोर ओढला की मी झुलते आणि माझ्या पोटातला लोलक एकदा या काठावर, एकदा त्या काठावर आदळतो. हे ध्यानात असू द्या, पुढे कामाला येईल.

माझे पहिले मोठे काम आनंदाचे होते. नदीवरचा पूल खुला झाला त्या दिवशी मी अगदी घसा मोकळा करून वाजले. तोवर पलीकडच्या काठावरच्या आजारी माणसाला दवाखान्यात यायचे तर नावाड्याच्या मर्जीवर अवलंबून राहावे लागे. आता सगळे गाव पुलावर धावले. त्यात दोन भाऊ होते. थोरल्याने धाकट्याला खांद्यावर घेतले होते आणि धाकटा वरून सगळ्यांना हात करत होता. तेव्हापासून दर वर्षी त्या तारखेला मी पुलासाठी वाजू लागले.

पुढे ते दोघे या ठाण्यावरच नोकरीला लागले. आगीची वर्दी आली की थोरला माझा दोर ओढी आणि धाकटा बंबावर उडी मारी. जाताना हमखास ओरडे, "दादा, चहा टाक, आलोच!"

एका वर्षी नेमक्या पुलाच्याच तारखेला कापसाच्या गोदामाला आग लागली. सकाळी मी आनंदाने वाजले होते, दुपारी जीव तोडून वाजले. धाकट्याने आत अडकलेले हमाल एकेक करून बाहेर आणले. शेवटच्या हमालासाठी तो पुन्हा आत गेला आणि छप्पर खाली आले. थोरल्याने टाकलेला चहा कुणीच प्यायला नाही.

पुढच्या वर्षी ती तारीख आली तेव्हा थोरल्याने माझ्या लोलकाला चहूबाजूंनी जाड चामडे बसवून घेतले. धाकट्याची बायको चामड्याच्या पिशव्या शिवत असे, तिनेच ते शिवले. माझा आवाज दबला. गावाने मान खाली घालून ऐकला. तेव्हापासून दर वर्षी त्या तारखेपुरते चामडे चढवून मी मुकीच वाजत राहिले. मग टेलिफोन आले, भोंगा आला, वर्दीला माझी गरज उरली नाही आणि चामडे कायमचेच राहिले. पुलासाठी मी कधीकाळी वाजत होते, हेही लोक विसरले.

आणि मग पुलाची साठी जवळ आली. कचेरीतले साहेब धापा टाकत मनोरा चढून आले. "पाहुणे येणार आहेत. घंटा खणखणीत वाजली पाहिजे. ते चामडं काढून टाका."

थोरला आता पार म्हातारा झाला होता, पण हेका तोच. "चामडं निघणार नाही."

"मग मुकी घंटा हवीय कुणाला? उतरवू आणि वितळवू. भोंगा आहेच की!"

भट्टीचे मला भय नव्हते, ते तर माझे माहेर. पण माझ्याबरोबर धाकट्याची आठवणही वितळून जाईल, या विचाराने मी आतून हादरले.

साहेब गेल्यावर थोरल्याने रागारागाने दोर ओढला. एका काठावर 'धप्' झाले आणि दुसऱ्या काठावर चक्क 'ठण्ण'! इतक्या वर्षांच्या आदळआपटीने चामडे एका बाजूला झिजून फाटले होते. थोरला दचकला. त्याने धाकट्याच्या बायकोला निरोप धाडला. तीही थकली होती, पण सुई-दोरा घेऊन वर आली.

"हे आजच्या आज शिवून दे," थोरला म्हणाला.

तिने फाटलेल्या जागी अंगठा फिरवला. "परत एकदा ओढा बरं, दादा."

त्याने ओढला. धप्. ठण्ण. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "पूल खुला झाला तेव्हा हे तुमच्या खांद्यावर होते ना? पलीकडे पोचल्यावर खाली उतरायलाच तयार नव्हते म्हणे."

"नव्हताच!" थोरल्याला हसू फुटले. "परत येतानाही माझ्याच मानगुटीवर." आणि हसता हसता तो म्हातारा ढसाढसा रडला. त्या तारखेला आपण कधी सुखी होतो, हे तो साफ विसरून गेला होता.

"मग तो दिवसही यांचाच की," ती म्हणाली. तिने सुई पिशवीत ठेवून दिली. "मी नाही शिवणार. एक बाजू झाकलेली असू दे, एक मोकळी."

साठीच्या दिवशी मी तशीच वाजले. पहिल्या मोकळ्या ठोक्याला पुलावर टाळ्या पडल्या, पाठोपाठच्या मुक्या ठोक्याला हात थबकले. पाहुण्यांनी कारण विचारले, तेव्हा लोक त्यांना धाकट्याची हकिकत सांगू लागले. ते ऐकता ऐकता साहेबांनीच डोक्यावरची टोपी काढली. मला उतरवायची गोष्ट पुन्हा कुणी काढली नाही.

मित्रांनो, कॅलेंडरातल्या कुठल्याही तारखेवर बोट ठेवा. तिथे कुणाचा तरी पूल खुला झालेला असतो आणि कुणाचा तरी धाकटा घरी आलेला नसतो. एकासाठी दुसऱ्याला झाकू नका, एवढीच माझी विनंती. आणि एखादी जुनी वस्तू मुकी झाली म्हणून लगेच भट्टीत धाडू नका. ती कशाने मुकी झाली, ते आधी विचारा.

आता माझा दोर धाकट्याची बायको ओढते. थोरल्याला जिना चढवत नाही. त्या तारखेला तो खाली अंगणात खुर्ची टाकून बसतो. मुक्या ठोक्याला डोळे मिटतो. आणि मोकळ्या ठोक्याला त्याचा हात आपसूक खांद्याकडे जातो, वर बसलेल्याचा पाय धरायला जावा तसा.