एक जूनचा जन्म

दाराआडच्या खुंटीवर टांगलेल्या खाकी सदऱ्याच्या कॉलरवर घामाच्या मिठाची एक रेघ होती. पावसाळ्यात ती ओलसर होऊन दिसेनाशी होई. उन्हाळ्यात पुन्हा पांढरी होऊन वर येई. मीठ हवेतलं पाणी ओढून घेतं, असं ज्ञानेश्वरीने कॉलेजात जायला लागल्यावर आईला समजावलं होतं. चांगुणाला कारण नवं होतं, रेघ नव्हे. रेघ वर आली, की वाट बघण्यात आणखी एक वर्ष गेलं, एवढं तिला कळे.

सदरा तिच्या नवऱ्याचा, भीमाचा. तो पाटबंधारे खात्यात पाटकरी होता. नेवाशाकडच्या कालव्याच्या चारीवर फिरून, ज्याची पाळी असेल त्याच्या रानात पाणी सोडायचं, हे त्याचं काम. एका सकाळी तो चारीच्या कडेला टेकला तो उठलाच नाही. तेराव्यानंतर साहेबांनी सांगितलं, अनुकंपा तत्त्वावर घरातल्या एकाला नोकरी मिळेल. पोर तेव्हा शाळेत होती, म्हणून चांगुणाने स्वतःचं नाव दिलं.

तेव्हापासून नगरच्या कार्यालयात खेपा चालू होत्या. कधी जागा नसे, कधी भरतीच बंद असे, कधी साहेब बदललेले असत. शिपाई म्हणा, माळी म्हणा, काहीही चालेल, असं सांगून ती परत येई आणि दुसऱ्या दिवशी लोकांच्या रानात खुरपायला जाई. नोकरी आपल्याला लागावी आणि पोरीने मनासारखं शिकावं, एवढंच तिला हवं होतं.

मे महिन्यात तिथल्या कारकुनाचा, कल्याण भाऊसाहेबांचा, फोन आला. एक जूनला कागदोपत्री तिला पंचेचाळीस पूर्ण होत होती. वयाच्या अटीमुळे मग तिचं नाव यादीतून जाणार. त्याआधी घरातल्या दुसऱ्या कुणाचं लावता येईल.

खरं तर चांगुणाला पंचेचाळीस व्हायला अजून अवकाश होता. थोरल्या बहिणीला शाळेच्या वाटेवर सोबत हवी, म्हणून बापाने तिला वय नसतानाच नेऊन बसवलं होतं. मास्तरांनी दोन वर्षं वाढवली आणि गावातल्या सगळ्या पोरांना लावत तीच एक जून तारीख तिलाही लावली. ती जन्मली होती पोळ्याच्या आसपास.

हे ऐकून सासू रंगूबाई म्हणाली, "म्हंजी मास्तरनं तुला पोटात असतानाच शाळेत घातली म्हन की."

रंगूबाईचं मत सरळ होतं. नातीचं नाव लावावं, भीमाची जागा घरात राहील. ज्ञानेश्वरी लगेच हो म्हणाली. पुढच्या शिक्षणासाठी ती पुण्याला जाणार होती; तिथल्या मैत्रिणीला, आता माझ्यासाठी खोली बघू नकोस, असं तिने परस्पर कळवूनही टाकलं. चांगुणाला ते घाईचं हो खुपलं. नोकरी करत पुढचं शिकेन, असं पोर म्हणत होती. शिकेलही. पण पगार सुरू झाला, की घर एकेक काम पुढे करतं, हे चांगुणाने चार घरांत पाहिलं होतं. बघू, बघू म्हणत तिने मे संपवत आणला.

शेवटी तिघी एसटीने नगरला आल्या. सगळ्या वारसांची संमती समक्ष लागत होती. चांगुणाने पोळ्याची हकिकत सांगितली. भाऊसाहेबांनी चष्मा काढून डोळे चोळले.

"बाई, या ऑफिसातली निम्मी माणसं एक जूनचीच. आमचे साहेबसुद्धा. जन्म बदलत नाही आता."

जागा कधी निघेल, असं तिने विचारलं. पुढच्या महिन्यातही निघेल, दोन वर्षांनीही, ते म्हणाले. खोटं सांगायचं त्यांना जिवावर आलं होतं.

ज्ञानेश्वरी भिंतीकडे बघत होती. आज आपण गप्प राहिलो, तर नाव आपसूक जाईल आणि पोर मोकळी होईल, असं चांगुणाच्या मनात आलं. मोकळी होऊन जाईल कुठं? खुरपणीच्या रोजावर पुण्यातली खोली भागत नाही. आणि स्वतःच्या गुडघ्यांना आणखी किती वर्षं रान सोसेल, हेही तिला ठाऊक होतं.

"बोल बाई," रंगूबाई म्हणाली. "यष्टी न्हाई थांबायची आपल्यासाठी."

भाऊसाहेबांनी पेन उचललं. चांगुणाने पोरीकडे पाहिलं नाही.

"लिहा, भाऊसाहेब," ती म्हणाली. "ज्ञानेश्वरी भीमा वाबळे."