संयुक्त विजेता

"हिर्रर्रऽऽ हाऽऽ!"

अंगदने अशी आरोळी ठोकली, की मैदानाकडेच्या लिंबावरचे कावळे उडाले. पुढच्या गादीच्या खुर्च्यांवर बसलेल्या प्राध्यापकांनी वळून पाहिलं. फ्री थ्रोच्या रेघेवर उभ्या शिवकन्याने मात्र मान हलवली नाही. ती त्या आवाजासाठीच थांबली होती. तिने बॉल एकदा आपटला, गुडघे वाकवले आणि सोडला. रिंगला न शिवता बॉल जाळीतून खाली आला.

"ओ भाऊ, मेंढरं हाकून राह्यले का काय?" शेजारच्या बाईने विचारलं.

"मेंढरंच हाकलेत ताई आम्ही. बापानं, आज्यानं, समद्यांनी. ही बी लहानपणी ह्याच आवाजावर पळत यायची. आता ह्याच आवाजावर बॉल टाकती. आवाज न्हाई तर बॉल न्हाई."

"मंग आमच्या साक्षीसाठी मी काय करू? अंगणवाडीतली घंटी वाजवू?"

"वाजवा ना. पण जल्दी वाजवा. मॅच सरत आली."

बाई खळखळून हसली. तिचं नाव बेबीनंदा. अंबडच्या यजमान कॉलेजची कॅप्टन साक्षी ही तिची लेक. सकाळपासून दोघं एकाच बाकावर बसून एकमेकांच्या टीमला नावं ठेवत होते, आणि दोघांचं चांगलं जमलं होतं. मैदानात बसलेल्यांपैकी खरी मॅच पाहणारे हे दोघंच होते. बाकीचे चहा कधी येतो ते पाहत होते.

अंगद जुन्या जालन्यात रिक्षा चालवायचा. थोरल्या भावाची, रामकिसनची ही पोर कॉलेजसाठी जाफराबादकडच्या गावातून त्याच्या घरी आली, तेव्हा त्याला बास्केटबॉल म्हणजे काय ते ठाऊक नव्हतं. पहिल्या वर्षी पंचाने शिवकन्याला बॉल घेऊन चालली म्हणून अडवलं, तर हा मैदानात घुसला होता. "चालली तर काय झालं? तिला लंगडी घालायला लावता का?" पोरी आठवडाभर हसत होत्या. पण पहाटेच्या सरावाला पोरीला सोडायचं, तिथंच सीटवर बसून राहायचं, पहिली सवारी सोडून द्यायची, असं करता करता त्याला या खेळाचा नाद लागला. जिथं मॅच, तिथं अंगदची रिक्षा. आजही टीम एसटीने आली आणि त्यांच्या मागोमाग हा रिकामी रिक्षा पळवत अंबडला आला होता.

आजची गोष्ट मात्र नादाची नव्हती.

चार दिवसांपूर्वी गावाकडच्या घरी रामकिसन म्हणाला होता, पाहुणे येणार आहेत, पोरगा चांगला आहे, शिवकन्याचं या सालात उरकून टाकू. अंगद भांडला. शेवटचं वर्ष आहे, पोरगी मोठ्या टीममध्ये जाईल, अजून एक साल थांब म्हणाला. शब्दाने शब्द वाढला. मग रामकिसन उठला आणि देवापुढच्या कोटंब्यातला, त्या लाकडी वाटीतला भंडारा त्याने मुठीत उचलला. "ही फायनल जिंकून आली, तर एक साल कुण्या पाहुण्याला उंबऱ्याच्या आत येऊ देणार न्हाई. न्हाई जिंकली, तर तू मधी बोलायचं न्हाई. उचल तू बी." अंगदनेही उचलला. भंडारा उचलून दिलेला शब्द फिरवला तर देव घरात राहत नाही, असं मानणारं ते घर. तिथं वकील लागत नाही आणि साक्षीदारही लागत नाही.

शिवकन्या दाराआड उभी होती. तिला कुणी काही विचारलं नाही. अंगदनेही नाही.

शेवटची काही सेकंदं उरली होती. जालना एका गुणाने मागे. शिवकन्याने डावीकडून मुसंडी मारली, रिंगखाली उडाली आणि साक्षीचा हात तिच्या मनगटावर बसला. शिट्टी.

"माझ्याच पोरीनं मारला हात," बेबीनंदा म्हणाली. "फाऊल बराबर हाय. दोन भेटतेत ना आता?"

"दोन," अंगद म्हणाला. एक गेला की बरोबरी. दुसरा गेला की एक साल.

शिवकन्या रेघेवर गेली. पंचाने तिच्या हातात बॉल दिला. अंगद बाकावर उभा राहिला, दोन्ही हात तोंडाशी नेले, छाती भरून घेतली.

"खेळ थांबवा! खेळ थांबवा!" माईक ओरडला. "आपल्या सर्वांचे लाडके साहेब आपल्यात आलेले आहेत. सर्वांनी उभे राहून टाळ्यांच्या गजरात स्वागत करावं!"

गाड्यांची रांग धूळ उडवत थेट कोर्टाच्या कडेला आली. साहेब सकाळी उद्घाटनाला येणार होते, ते आत्ता आले. संस्थेचे सचिव सदऱ्याच्या बाह्या सावरत धावले. ढोलताशा सुरू झाला. पंचाने शिवकन्याच्या हातातला बॉल काढून घेतला आणि काखेत धरला.

ओवाळायला पोरी हव्यात, असं कुणाच्या तरी ध्यानात आलं. पोरी समोरच होत्या, घामाने निथळणाऱ्या, आयत्या. दोन्ही टीमना उन्हात रांगेत उभं केलं. शिवकन्याच्या हातात आरतीचं ताट दिलं. साहेबांच्या पाठीशी आलेल्या एकाने तिच्या उघड्या गुडघ्यांकडे पाहिलं आणि तो म्हणाला, "हिला मागं घ्या, फोटोत बरं दिसत न्हाई." मागं घेतलं.

मग शाली झाल्या. नारळ झाले. फेटे झाले. साहेबांचा, सचिवांचा, साहेबांच्या बरोबरच्यांचा, आणि कोण आहे ते न कळलेल्या दोघांचा सत्कार झाला. मग भाषण. "आज आपल्या लेकी कुठं कमी आहेत?" साहेबांनी विचारलं. लेकी मागं रांगेत उभ्या होत्या, पोटऱ्यांत गोळे आलेल्या, एक तर खाली बसून पाय चोळत होती. त्यांच्याकडे साहेबांनी वळूनही पाहिलं नाही. लेकींवर बोलायला लेकी लागत नाहीत. माईक पुरतो.

"हे सरंल कधी?" अंगद पुटपुटला.

"सरंल हो. दोनच बॉल ऱ्हायलेत, टाकू देतीन," बेबीनंदा म्हणाली.

सचिव साहेबांच्या कानाशी लागले. साहेबांनी घड्याळ पाहिलं. पुढं एका लग्नाला पोचायचं होतं. सचिवांनी मान डोलावली, माईक हातात घेतला.

"साहेबांच्या हस्ते आत्ताच बक्षीस वितरण होईल. साहेबांनी सुचवलं, की दोन्ही संघ इतके सुंदर खेळले, तर कुणाचंही मन कशाला दुखवायचं? म्हणून जालना आणि अंबड, दोन्ही संघ संयुक्त विजेते! जोरदार टाळ्या!"

टाळ्या पडल्या. जेवणाच्या आधी पडतात तशा, जोरदार.

अंगद बाकावरून उतरला तो सरळ पंचाच्या टेबलाशी गेला. "सर, दोन बॉल ऱ्हायलेत."

"ऐकलं ना मामा, संयुक्त झालं."

"संयुक्त म्हंजे काय? पोरगी रेघेवर उभी व्हती! टाकू द्या, मंग काय हार घालायचे ते घाला. आम्हाला हरू द्या न्हाईतर जिंकू द्या!"

पंच तरुण होता. त्याने इकडंतिकडं पाहून आवाज खाली आणला. "मला कळत न्हाई का? पण मला बी पुढच्या सालाला बोलवायला पाहिजेल ना."

अंगद स्टेजकडे वळला. "ओ साहेब! साहेब! दोनच बॉल!" तो ओरडला. ढोल वाजत होते. पुन्हा ओरडला. गळ्याच्या शिरा तटतटल्या, आणि तिसऱ्यांदा ओरडताना आवाज मधोमध फाटला. दोघांनी त्याला दंडाला धरून मागं नेलं. "रिक्षावाला हाय, जाऊ द्या," एक जण दुसऱ्याला म्हणाला. जालन्याच्या टीमचे सर समोर उभे होते. ते चप्पल पाहत राहिले, मग म्हणाले, "अंगदराव, प्रमाणपत्र तर भेटून राह्यलं ना. कशाला वाढवता?"

बेबीनंदाही उठून आली होती. "ओ सचिव साहेब, आमच्या पोरी यजमान म्हणून आम्हाला भीक नगं. हरल्या तर हरल्या!" तिला कुणी धरलं नाही. तिच्याकडे कुणी पाहिलंही नाही.

साहेब गेले. त्यांच्यामागं धूळ गेली. लगेच पोरं कोर्टावर टेबलं मांडायला लागली. जेवणाची सोय तिथंच होती.

अंगद रिक्षात येऊन बसला तोच फोन वाजला. रामकिसन.

"झालं का रे? सकाळपून भाकर तोंडात घातली न्हाई मी. सांग जल्दी."

"झालं, दादा." आवाज निघत नव्हता, नुसती खरखर.

"तुझ्या गळ्याला काय झालं? जिंकली का?"

रिक्षाच्या आरशाला भंडाऱ्याची पिवळी पुडी टांगलेली होती. अंगदने तिच्याकडे पाहिलं. हो म्हणायचं. एवढंच अक्षर. आज मैदानात एवढे मोठे लोक माईकवर खोटं बोलले, कुणाचा देव घर सोडून गेला नव्हता.

"संयुक्त झालं, दादा."

"संयुक्त म्हंजे?"

"म्हंजे… दोघी बी जिंकल्या."

मग रामकिसनने विचारलं, "दोघी बी जिंकत असत्या, तर मंग खेळल्या कशाला?"

"दादा, ती रेघेवर व्हती. दोन बॉल हातात—"

"टाकले का?"

"टाकू न्हाई दिले."

"मंग जिंकली न्हाई." रामकिसनचा आवाज चिरकला. "माह्या मनात बी व्हतं रे, का जिंकावी. देवाला बोललो व्हतो मी. पण शब्द जिंकली असा हाय. संयुक्तचा शब्द आपून उचलला न्हाई."

अंगदला वाटलं, भावाला शिव्या घालाव्यात. पण शिवी कुठून काढणार? अख्ख्या दिवसात ती मॅच खरी मानणारा हा एकच माणूस निघाला होता, आणि त्याच्याच हातून पोरीचा गळा आवळला जात होता.

शिवकन्या रिक्षाजवळ आली. गळ्यात पितळी बिल्ला, हातात प्रमाणपत्र, त्यावर तिचं नाव 'शीवकण्या' असं लिहिलेलं. तिने काकाच्या तोंडाकडे पाहिलं. प्रमाणपत्र सीटवर ठेवलं आणि वळून परत कोर्टाकडे चालायला लागली. अंगद मागोमाग गेला.

कोर्टावर पंगत बसली होती. रिंगखाली जिलबीचं ताट, बोर्डाला साहेबांच्या स्वागताचा बॅनर बांधलेला. साक्षी खांबाशी बॉल घेऊन बसली होती. शिवकन्याने हात पुढं केला. साक्षीने बॉल दिला, उठली आणि रेघेवरची एक खुर्ची ओढून बाजूला केली. खुर्चीवर बसायला आलेला माणूस चिडला, तिने ऐकलं नाही.

"ए पोरी, जेवणात बॉल पडंल!" वाढपी वरणाची बादली घेऊन ओरडला.

शिवकन्याने बॉल आपटला, गुडघे वाकवले, सोडला. काकाच्या आवाजाची वाट न पाहता. बॉल रिंगवर नाचला, एक चक्कर मारली आणि आत गेला. खाली साक्षीने तो ताटांच्या वरच्या वर झेलला. बॉल घेऊन ती स्वतः रेघेपर्यंत चालत आली आणि शिवकन्याच्या हातात दिला.

बरोबरी झाली होती. आता खरीखुरी.

वाढपी थांबला. दोघातिघांचे घास हातात राहिले. बेबीनंदा पदर मुठीत धरून उभी होती.

"काका, आवाज द्या," शिवकन्या म्हणाली. तिची नजर रिंगवरच होती.

अंगदने दोन्ही हात तोंडाशी नेले. छाती भरून घेतली. तोंड उघडलं. आतून नुसता वारा आला.

शिवकन्या थांबली. बॉल एकदा आपटला. पुन्हा थांबली. मग तिने बॉल साक्षीच्या हातात ठेवला, बाजूला केलेली ती खुर्ची उचलून पुन्हा जागेवर लावली आणि रिक्षाकडे चालायला लागली.