जुळारीकाकांच्या कानामागे

मी एक जुने श्रवणयंत्र आहे. शेंगदाण्याहून थोडे मोठे, आता पिवळट पडलेले. मित्रांनो, तुम्ही मला पाहिलेत तरी चटकन ओळखणार नाही, कारण माझे सारे आयुष्य एका माणसाच्या कानामागे गेले.

एका लहानशा कारखान्यात, डोळ्याला भिंग लावलेल्या बाईने माझ्या पोटात केसाएवढ्या तारा जोडल्या. पुढे डॉक्टरांनी मला एका वृद्ध गृहस्थांच्या उजव्या कानामागे बसवले. ते छापखान्यात जुळारी होते. शिशाचे एकेक अक्षर जुळवून त्यांनी चाळीस वर्षे ओळी रचल्या आणि यंत्रांच्या खडखडाटात कान गमावले. सगळे त्यांना जुळारीकाका म्हणत.

"अरेच्चा, बाहेर पाखरं बोलतायत!" मला लावल्यावर ते पहिल्यांदा हेच म्हणाले. मी केवढे फुशारले!

घरात काका एकटेच. पत्नी वारलेली. एकुलत्या एका लेकीने अकरा वर्षांपूर्वी स्वतःच्या मनाने लग्न केले, तेव्हा काकांनी तिला रागाच्या भरात बजावले होते, "पुन्हा या घराचा उंबरा चढू नकोस." ती चढली नाही. राग केव्हाच विरला, पण तिचा पत्ताही त्यांच्याजवळ नव्हता.

मग त्यांची देखभाल करायला एक सोबतीण घरी राहायला आली. चाळिशीची, कमी बोलणारी, मागेपुढे कोणी नसलेली. ती काकांच्या गोळ्या वेळेवर देई, चादरीच्या सुरकुत्या काढी, मला कोरड्या फडक्याने पुशी. मलाही ती आवडली, हे मी लपवत नाही.

महिन्याभराने तिने काकांच्या हातात एक पाकीट ठेवले.

"काका, तुमच्या लेकीचं पत्र!"

काकांनी ते चारदा मोठ्याने वाचले. त्यानंतर दर पंधरवड्याला पत्र येऊ लागले.

दर गुरुवारी दुपारी मात्र सोबतीण म्हणे, "आणा काका, जरा साफ करून देते," आणि मला काढून स्वयंपाकघरात नेई. माझे बटण बंद करायचे तिला सुचत नसे. तिथेच फोन होता. तो वाजे.

"बाबा आहेत का? मी त्यांची मुलगी."

"आहेत. पण तुमच्याशी बोलायचं नाही म्हणतात."

फोन ठेवून ती कागद ओढी आणि ओठांत पुटपुटत लिही : तीर्थरूप बाबा...

तिने मला मुठीत धरले की मी शीळ घाली. झाकले गेलो की आम्ही अशी शीळ घालतो. पण ऐकणार कोण? ज्यांनी ऐकायला हवे, ते माझ्यावाचून बहिरे होते.

असे सात महिने चालले. मग एका मंगळवारी अवचित फोन वाजला. काका आरामखुर्चीत डोळे मिटून पडले होते आणि मी कानामागेच होते. सोबतिणीला वाटले, त्यांना झोप लागली आहे.

"किती वेळा सांगायचं, ताई? त्यांना तुमचं नावसुद्धा नको आहे!"

काकांच्या कानामागची शीर माझ्या अंगाला ताडताड लागू लागली. डोळे मात्र त्यांनी उघडले नाहीत.

संध्याकाळी तिने पाणी आणून दिले, तेव्हा ते म्हणाले, "बस जरा. पत्रं तू लिहितेस, हे मला पहिल्याच दिवशी कळलं होतं."

काका पुढे म्हणाले,

"'आशीर्वाद'मधली शी ऱ्हस्व होती. माझी पोर सहाव्या वर्षापासून ती दीर्घ लिहिते. मी गप्प बसलो. वाटलं, खरं काही येणारच नाही, तर हे तरी असू दे. पण खरी हाक येत होती, आणि तू ती परतवत होतीस?"

तिने भांडे खाली ठेवले. मग म्हणाली, "ती आली असती, तर मी कुठे गेले असते, काका?"

दुसऱ्या दिवशी तिने पिशवी भरली. दारातून वळून एवढेच म्हणाली, "निळी गोळी जेवणानंतर. आधी घेऊ नका."

गुरुवारी फोन वाजला, तो काकांनीच उचलला, आणि त्याच आठवड्यात लेक आली. काकांनी तिला पत्रांची सगळी हकीकत सांगितली. मग ती रडली. "खोटं आहे हे कळत होतं, तर तुम्ही बोलला का नाहीत, बाबा?"

"रोज सकाळी कुणीतरी माझ्या खोलीचं दार उघडून आत येत होतं गं," काका म्हणाले.

तिने त्यांना नवे यंत्र घेऊन दिले. माझा सेल काढण्याआधी मी ऐकलेले काकांचे शेवटचे शब्द असे : "तिला दुसरीकडे कुठे काम मिळालं असेल का?" लेक काय म्हणाली, ते मला ठाऊक नाही.

मित्रांनो, आम्हांला ओलाव्यापासून जपा, कोरड्या फडक्याने पुसा. आणि तुमच्या घरातल्या कुणाला ऐकू येत नसेल, तर जवळ जाऊन मोठ्याने बोला, दहादा सांगा, लिहून दाखवा. पण त्यांच्या वतीने परस्पर उत्तर देऊ नका.