ओगावांचं ‘हाय’

“सही कर, महिपती. ‘परवानगी नसताना मशीन खोललं, माफी असावी.’ दोन ओळी आहेत.”

लेबर ऑफिसर मुकुंदरावांनी पेन पुढे केलं. महिपतीने घेतलं नाही.

“परवानगी व्हती की, साहेब.”

“कुणाची?”

“ह्येंचीच.”

शेजारच्या खुर्चीत ओगावा ताठ बसले होते. सोलापूरच्या या गिरणीत नवी सूतकताईची मशीनं बसवायला ते जपानहून आले होते.

घडलं ते एवढंच. १९७४ सालातला सोमवार, पहिली पाळी. तीन नंबरचं मशीन करकरायला लागलं. महिपती गिरणीतला बावीस वर्षं जुना फिटर. त्याने मशीन थांबवलं, ओगावांचा हात बेअरिंगच्या झाकणावर ठेवला. “गरम हाय.”

“हाय,” ओगावा म्हणाले.

त्याने पाना दाखवला. “खोलू?”

“हाय, हाय.” मान लववून ओगावा वही आणायला गेले. परतले तेव्हा झाकणावरचं सील तुटलेलं होतं आणि सीलबरोबर कंपनीची गॅरंटीही.

मुकुंदराव हसले. “अरे, त्यांच्यात ‘हाय’ म्हणजे ‘ऐकतोय’. ‘कर’ असं नव्हे.”

“मंग ऐकलं न्हवं त्येनी?”

“ऐकलं.”

“ऐकून गप ऱ्हायले. मी बी गप ऱ्हायलो आस्तो तर शाफ्ट गेला आस्ता. त्येची माफी कोन मागनार?”

त्याने खिशातून चिंधीत बांधलेलं बेअरिंग काढून टेबलावर ठेवलं. ओगावांनी ते बोटावर फिरवलं, कानाशी नेलं. मग ते इंग्रजीत बराच वेळ बोलले.

“बेअरिंग खराबच होतं म्हणतात,” मुकुंदराव म्हणाले. “पण नियम म्हणजे नियम. उद्या सकाळी सगळ्या खात्यासमोर माफी वाचायची. त्यांच्याकडे साहेबसुद्धा वाचतात.”

“मंग आदी साहेबानं वाचावी.”

तो काय म्हणतोय, असं ओगावांनी खुणेने विचारलं.

“सॉरी म्हणतोय,” मुकुंदराव इंग्रजीत म्हणाले.

महिपतीला इंग्रजी येत नव्हतं. सॉरी कळत होतं. त्याने मुकुंदरावांकडे पाहिलं. ते कागद सारखे करत होते.

“सही नसेल तर उद्या गेटच्या आत यायचं नाही. समजलं?”

“हाय,” महिपती म्हणाला.

मुकुंदरावांनी सुटकेचा निःश्वास सोडला आणि पेन त्याच्या हातात दिलं. महिपतीने त्याला टोपण लावलं. सहीच्या जागेवर आपला पाना ठेवला आणि बाहेर जाऊन चपला घातल्या.

ओगावा उठून उभे राहिले. बेअरिंग अजून त्यांच्या बोटातच होतं.

मुकुंदरावांनी पाना उचलला. सहीच्या जागी तेलाचा डाग पडला होता.