आंजूला पोचलेला निरोप

आमच्या पूर्वाचं बाळंतपण तीन बायकांनी केलं. मी ओमानमधल्या रुस्ताकमध्ये बसून नुसत्या तोंडाने, मादाम जिनेतने मॉन्ट्रियलमध्ये दोन्ही हातांनी, आणि तिसरी खुदेजाबीबी. बीबीने जे केलं त्याची मला आधी लाज वाटली. आता तिचे पाय धरावेसे वाटतात.

दोन हजार चौदाचा फेब्रुवारी होता. पूर्वा आणि जावई अजिंक्य मॉन्ट्रियलला जाऊन वर्ष झालं होतं. मोठ्या शहरात भाडी परवडेनात, म्हणून त्यांनी पूर्वेच्या टोकाला आंजू नावाच्या उपनगरात वरचा मजला घेतला. आंजू पूर्वी वेगळं गाव होतं, मग महापालिकेने पोटात घेतलं. भाषा मात्र फ्रेंच ती फ्रेंचच. बेकरीत फ्रेंच, पोस्टात फ्रेंच, आणि खालच्या मजल्यावरची सत्तरीची घरमालकीण मादाम जिनेत, तिला तर ‘गुड मॉर्निंग’च्या पुढे इंग्रजी नाही. पूर्वा सहा महिने फ्रेंचच्या वर्गाला जात होती, तेवढ्यावर दोघींचं भागायचं.

मी जाणार होते. डिंक, अळीव, बाळंतशेपा, सगळं बांधून तयार होतं. व्हिसाच आला नाही. त्यात पूर्वाला दिवस भरण्याआधीच कळा सुरू झाल्या. अजिंक्य कारखान्यात, बाहेर गुडघाभर बर्फ. मादामने तिला आपल्या गाडीतून इस्पितळात नेलं आणि नात होईपर्यंत तिचा हात धरून बसली. हे ऐकून मी काय म्हटलं? “बरं झालं.” एवढंच.

आठव्या दिवशी पूर्वाचा फोन आला. “आई, मादाम रोज सकाळी विंडो ओपन करते. फ्रेश एअर पाहिजे म्हणते. आणि मला ऑरेंज ज्यूस देते, आइस घालून.”

बाळंतिणीला बर्फ! माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली.

“तिला सांग, खोलीत पाऊल टाकायचं नाही म्हणावं.”

“मी नाही सांगणार. ती किती करते माझं! अजिंक्य दिवसभर नसतो, आई. ती पण नाही आली तर मी एकटी बाळाला कशी सांभाळू?”

पोरगी इतकं स्पष्ट सांगत होती, पण ऐकेल ती मी कसली. तडक खुदेजाबीबीचं घर गाठलं.

माझे यजमान धनंजय महमूदच्या गॅरेजात फोरमन, आणि बीबी म्हणजे त्या महमूदची आई. ही माणसं मूळची ओमानीच, पण बीबी जन्मली आफ्रिकेत, बुजुम्बुराला. घरात स्वाहिली, शाळेत फ्रेंच, आणि इथल्या दुकानदारांकडून उचललेली हिंदी. तिने मादामला फोन लावला. माझ्या तोंडाचा पट्टा सुटला.

“बोलो उसको, बर्फ पिलाके मेरी लडकी को मारना है क्या? खुद की बेटी होती तो ऐसा करती? कल से ऊपर आने का नहीं!”

बीबीने शांतपणे विचारलं, “खलास?”

“खलास.”

मग ती फ्रेंचमध्ये बोलू लागली. माझ्या तीन वाक्यांची तिथे तीस झाली. पलीकडून मादामचा हुंदका ऐकू आला. बरी झोंबली, असं मनात म्हणत मी खजूर खाल्ला. खरं सांगते, गोड लागला.

दुसऱ्या दिवसापासून खिडकी बंद, ज्यूस बंद, आणि त्याऐवजी वाफाळतं सूप. मादाम दिवसातून दोनदा वर यायची. बाळाला न्हाऊ घालायची, पूर्वाच्या पायांवर रजई टाकायची. “दम दिला की माणसं सरळ होतात,” असं मी धनंजयना ऐकवलं.

तिसऱ्या आठवड्यात पूर्वा फोनवर म्हणाली, “आई, मादाम सगळ्या गल्लीला सांगत फिरते. ओमानच्या आईने आपली मुलगी मला दिली म्हणून.”

“मी कधी दिली?”

ती हसत सुटली. “त्या दिवशी मी शेजारीच होते, स्पीकर ऑन होता. तू ओरडलीस ते ऐकलं, आणि बीबी काय बोलल्या ते पण.”

पूर्वाने सांगितलं, बीबी म्हणाली होती, ‘मी पूर्वाची आई. भर बर्फातून तुम्ही माझ्या लेकीला नेलंत, तिचा हात सोडला नाहीत. माझा हात तिथवर पोचत नाही. आता तुमचा हात तोच माझा. आमच्याकडे बाळंतिणीला चाळीस दिवस ऊब देतात, गरम पाजतात. बाकी तुम्ही कराल ते बरोबर. तिथे तिची आई तुम्हीच.’

मी पुन्हा बीबीकडे गेले. या खेपेला तडक नाही, रेंगाळत.

“झूठ क्यों बोला, बीबी?”

बीबीने कावा, ती वेलदोड्याची अरबी कॉफी, पेल्यात ओतला. “मैं इधर आयी तब बीस साल की थी. अरबी नहीं आता था. महमूद हुआ, तो पडोसवाली रोज गरम शोरबा लाती, काली मिर्च डालके. मैं कटोरा ढकेल देती, फ्रेंच में गाली देती. वो हसती, दूसरे दिन फिर आती. चालीस दिन. उसको फ्रेंच आता, तो वो नहीं आती. मैं मर जाती, रेवा. शुक्रिया बोलने का अक्कल आया, तब तक वो कबर में.”

मला रडू आवरेना. मादामची माफी मागते म्हटलं, तर बीबीने हात वर केला.

“माफी नहीं. उसको बेटी मिली है, वो मत छीनो. जो बोला है, उसको सच करो.”

मग मी तिच्याकडून तीच फ्रेंच वाक्यं शिकले, शब्दाला शब्द. पोळ्या लाटताना पुटपुटायचे. धनंजय म्हणायचे, या वयात कसला मंत्र घेतलास?

चाळिसाव्या दिवशी मी घरूनच मादामला फोन लावला. बीबीला मुद्दाम बोलावलं नाही. धापा टाकत, अडखळत, हात न सोडण्याचं, हात न पोचण्याचं, सगळं म्हटलं. शेवटचं वाक्य राहिलं होतं, तेही म्हटलं. तिथे तिची आई तुम्हीच.

मादाम काहीतरी हळू बोलली. तिच्या शेजारी बसलेल्या पूर्वाने नाक ओढलं.

“आई, मादाम म्हणते, हे तर तू तेव्हाच सांगितलं होतंस.”

“हो,” मी म्हटलं. “तिला सांग, मला परत सांगायचं होतं.”