बसलेला ढीग

“कापूस मोकया कर रे पहिले! दबेल कापूस म्हंजे दगड शे!”

गजराबाईचा हा ओरडा कळसाडी गावातल्या घरात वेचणीच्या दिवसांत सारखा घुमायचा. दोधू आणि झिपरू, तिचे दोघे लेक, माळ्यावरून कापसाच्या ढिगात उड्या मारायचे. ती रागवायची, आणि जात्यावर बसली की गायचीही:

पांढरं मन्हं सोनं, घरमा मावेना
लेकनं उडनं, डोयामा मावेना

आई गेली, पण तिच्या त्या ओरड्यावर दोधूनं मुंबईत नाव काढलं. मारधाडीच्या बोलपटांत किल्ल्यावरून माणसं उडायची. ती कुठून उडतील, कशावर पडतील, हे तो ठरवी. बाकीचे गवत पसरत. हा कापूस रचे, आणि दर उडीनंतर ढीग हातांनी पुन्हा फुलवी. त्यानं रुमाल खाली केल्याशिवाय कुणी उडत नसे. पडद्यावर तोंड हिरोचं, हाडं मात्र झिपरूची.

एका सांजेला उन्हं कलली, तसा डायरेक्टर ओरडला, “एक बार और! जल्दी!” पहिल्या उडीनं ढीग पार बसला होता. दोधूला ते दिसत होतं. थांबलो तर उद्या माझ्या जागी दुसरा येईल, एवढंच त्याच्या मनात आलं. त्यानं रुमाल खाली केला.

झिपरूची कंबर मोडली ती कायमची. गावात जो विचारी त्याला तो सांगे, “मन्हाच पाय चुकना.” या एका वाक्याच्या सावलीत दोधू ताठ मानेनं वावरला. भावाला वरून काय दिसलं होतं, हे विचारायची छाती मात्र त्याला कधी झाली नाही.

यंदा सारंगखेड्याच्या घोडेबाजारात, तंबूमध्ये तोच बोलपट आला. झिपरूनं हट्टच धरला. दोधूनं त्याला गाडीतून नेलं, पाठुंगळी घेऊन आत बसवलं.

उडी आली. तीच ती. पडणं तेवढं कापून टाकलेलं. तंबू शिट्ट्यांनी दणाणला.

“हिरो मर्द शे बरं!” शेजारचा सुपडू ओरडला.

“तुन्हा मर्द तवय सावलीमा चहा पी ऱ्हायंता,” झिपरू म्हणाला. “ती उडी मन्ही शे.”

आजूबाजूचे हसले. सुपडू हळहळला, “पाय चुकना नसता तर, झिपरूभाऊ...”

“जाऊ दे ना सुपडू,” दोधू घाईनं म्हणाला.

झिपरूनं पडद्यावरची नजर काढली नाही.

“पाय नही चुकना, दादा. वरथीन साफ दिखे. ढीग बसेल व्हता. पन तू रुमाल खाले कया. मी म्हनं, मन्हाच डोया चुकनात. दादा चुकाव नही.”